अण्णांच्या नावची नोटीस

१७ फेब्रुवारी १९७६, मंगळवार

काल अण्णांची आराधना, दिवसांची पंगत झाली. माझे थोरले भाऊ संगप्पा दहा दिवसांपूर्वी लिंगैक्य झाले. छातीत दुखते म्हणाले आणि टांगा येईपर्यंत संपले. ही डायरी टायरच्या दुकानदाराने दर वर्षीप्रमाणे त्यांना दिली होती आणि दर वर्षीप्रमाणे त्यांनी ती माझ्याकडे टाकली होती. "तू बोलत न्हाईस, निदान लिही तरी," असे म्हणायचे. आजवर एकही डायरी मी लिहिली नाही.

पंगत चांगली झाली. आमच्या घरात आराधनेची ज्वारी बाईच्या माहेरून येते. वैनींच्या आई काशम्मा कर्नाटकात इंडी तालुक्यात राहतात, त्यांनी पाठवली. रेशनच्या लाल ज्वारीपुढे भाकरी दुधासारखी दिसत होती. पंगतीतल्या स्वामींनी ज्वारी कुठली म्हणून विचारले. मी अभिमानाने सांगितले. आणि भाऊ गेलेला असताना पोटभर जेवलो.

घरात आता वैनी, दोन पुतण्या आणि मी. माझे लग्न झालेले नाही. होटगीच्या मालधक्क्यावर मी कारकून आहे. पण घर खरे चालते ते अण्णांच्या मालट्रकवर.

२४ फेब्रुवारी

कामावर रुजू झालो. साहेबांनी पाठीवर हात ठेवला. मी वॅगनची पावती पुढे केली.

गाडी चालू आहे. सोलापुरातून चादरींचे गठ्ठे घेऊन विजापूरला जायचे आणि येताना सरकी पेंड आणायची, हे अण्णांचे ठरलेले काम. ड्रायव्हर येडू बारा-तेरा वर्षांपासून आमच्याकडे आहे. सांगोल्याकडचा धनगर. संध्याकाळी येतो, चावी अण्णांच्या फोटोखालच्या खिळ्याला अडकवतो, उंबऱ्याबाहेरूनच वैनींशी दोन शब्द बोलतो आणि जातो. माझ्याशी फारसा बोलत नाही. मीही नाही.

५ मार्च, शुक्रवार

गाडी धरली.

येडू चावी न घेता आला आणि पायरीवर बसला. टाकळीच्या पुलाजवळच्या नाक्यावर काल गाडी अडवली. पेंडीच्या पोत्यांखाली ज्वारीची पोती निघाली. परवान्याशिवाय ज्वारी राज्याच्या हद्दीपलीकडून आणायला बंदी आहे, हे लहान पोरालाही माहीत आहे. गाडी कलेक्टर कचेरीच्या आवारात नेऊन लावली आहे.

ज्वारी कुणाची, असे मी विचारले. तो थोडा वेळ स्वयंपाकघराच्या दाराकडे बघत बसला. मग म्हणाला, "माजीच चूक हाय, धाकटं मालक. वाटंत एकानं भाड्यानं घातली. मी घेतली."

आत भाकरी थापण्याचा आवाज थांबला होता. वैनी दारात आल्या. गाडीचे काहीच विचारले नाही. "मारलं का रं तुला?" एवढेच. तो न्हाय म्हणाला, पण त्याचा कान सुजलेला होता. मग त्यांनी त्याला भाकरी आणि झुणका बांधून दिला. मला राग आला. अण्णांना जाऊन महिना झाला नाही तोवर त्यांच्या गाडीत चोरटा माल भरणाऱ्याला जेवण बांधून द्यायचे.

८ मार्च

काल अण्णांचे मासिक झाले. पंगत करायची असे ठरले होते, पण वैनींनी एकाच स्वामींना बोलावले आणि भात केला. बरेच झाले. चारचौघांत बसण्याची मला इच्छा नव्हती. आमच्या बाळीवेशीत सगळ्यांना कळले आहे. चहाच्या दुकानातला एकजण हसत म्हणाला, "काय मडिवाळप्पा, ज्वारी स्वस्त लावणार का आमाला?" मी चहा तसाच ठेवून निघालो.

१५ मार्च

पोस्टमन रजिस्टर पाकीट घेऊन आला. वर अण्णांचे नाव, पूर्ण पत्त्यासह. आधी कै. नाही, काही नाही. जणू आतून ओ देऊन बाहेर येतील.

मालधक्क्यावर आमची पद्धत आहे. माल ज्याच्या नावे आला तो मयत असेल तर दुसऱ्या कुणाच्या हाती द्यायचा नाही. पावतीवर तसे लिहायचे आणि पाठवणाऱ्याकडे परत करायचे. मग वारस येतात, अर्ज करतात, सगळे रीतसर होते. मी तसेच केले. पाकिटावर लिहिले, 'वरील इसम मयत. परत.' खाली सही, तारीख. पोस्टमन म्हणाला, साहेब, अक्षर झकास आहे.

वैनींना सांगितले नाही. त्यांना ते नाव तसे लिहिलेले दाखवायला नको वाटले. अण्णांसाठी एक काम तरी नीट केले, असे वाटत होते.

२ एप्रिल

कचेरीवरून जायचे टाळतो. स्टेशनला जायला तोच जवळचा रस्ता, पण मी मागच्या बोळातून जातो. आज बोळ खणला होता म्हणून पुढून जावे लागले. गाडीच्या फाळक्यावर कुणीतरी धोतर वाळत घातले होते. 'सिद्धरामेश्वर प्रसन्न' ही अक्षरे अण्णांनी दिवाळीत नव्याने रंगवून घेतली होती, त्यावर कावळ्यांची घाण. पहारेकरी ओळखीचा निघू नये म्हणून मी मान खाली घातली. माझ्या भावाची गाडी, आणि मी चोरासारखा पुढे गेलो.

५ एप्रिल, सोमवार

सकाळी कचेरीचा शिपाई आला आणि दारावर कागद चिकटवून गेला. अर्धी आळी वाचायला जमली. मी आत दाढी करत होतो, तसाच थांबलो. सगळे गेल्यावर बाहेर येऊन वाचले.

संगप्पा या गाडीमालकास कारणे दाखवण्याची नोटीस दिली, त्यांनी ती न स्वीकारता परत पाठवली, ते हजर राहिले नाहीत, त्यांचे काही म्हणणे नाही असे समजून गाडी सरकारजमा करण्यात येत आहे.

वैनींनी मला वाचून दाखवायला सांगितले. मग विचारले, "नोटीस कवा आली?"

मी पाकिटाचे सांगितले. मालधक्क्याची पद्धतही सांगितली. त्या ऐकत होत्या. शेवटी म्हणाल्या, "त्यांच्या नावानं का असंना, कुणीतरी आमाला इचारलं हुतं की, भाऊजी."

याहून जास्त बोलल्या असत्या तर बरे झाले असते. धाकटी पुतणी पाणी लावून कागद काढत होती. तो निघेना. अर्धा अजून दारावर आहे.

८ एप्रिल

रजा काढून वकिलांकडे गेलो. मानसिंगराव वकील अण्णांच्या ओळखीचे. वैनीही आल्या. अण्णा गेल्यावर घराबाहेर पडण्याची त्यांची ही पहिलीच वेळ. त्या उघड्या दाराबाहेरच्या बाकावर बसल्या.

वकिलांनी कागद वाचला आणि मोठ्याने हसले. म्हणाले, मेलेल्या माणसाने नोटीस परत पाठवली, असे सरकार लिहून देते आहे. मग खुर्ची पुढे ओढून आवाज उतरवला. सध्याच्या दिवसांत कुणी कुणाला विचारत नाही, तरी हा कायदा अजून जागेवर आहे. गाडी जप्त करायची तर मालकाला आधी लेखी कारण कळवावे लागते, त्याचे म्हणणे ऐकावे लागते. मयताला दिलेली नोटीस ही नोटीसच नव्हे. आता मालक म्हणजे वारस. फेरसुनावणीचा अर्ज टाकू, मिळेल.

माझ्या जिवात जीव आला. म्हणजे माझी चूकच कामाला आली, असे मी म्हणालो. ते म्हणाले, "चूक ती चूकच. पाकीट घेतले असते तर महिन्यामागेच आपण तिथे उभे असतो."

मग त्यांनी विचारले, माल कुणाचा. गाडी भाड्याने धावते आणि कुणा तिऱ्हाइताचा माल भाड्याने भरलेला होता, तर दंड भरून गाडी सोडवून घेण्याची मुभा कायद्यात आहे. पण माल घरचा आणि घरच्यांना ठाऊक असेल, तर गाडी गेली. मी येडूने सांगितलेले सांगितले. त्यांनी विचारले, जबाब कोण देणार? वारस म्हणून वैनींनीच द्यावा हे बरे.

बाकावरून वैनी म्हणाल्या, "भाऊजी देतील माझ्या वतीनं. त्यांना कायबी ठावं न्हाय."

वकिलांनी चष्मा काढून वैनींकडे पाहिले. बराच वेळ पाहिले. मग म्हणाले, "तर मग तेच बरे."

येताना मला बरे वाटत होते. पाकिटाच्या प्रकारानंतरही वैनींचा माझ्यावर विश्वास आहे.

१९ एप्रिल

फेरसुनावणी मिळाली. गुरुवारी आहे.

वैनी येडूच्या बायकोला, केराबाईला, धान्य पाठवतात हे मोठ्या पुतणीकडून कळले. मी म्हणालो, त्याच्यामुळे हे सगळे झाले. पुतणीने माझ्याकडे पाहिले आणि अभ्यासाला बसली.

२२ एप्रिल, गुरुवार

सगळे नीट लिहून ठेवायचे म्हणून जेवणाआधीच बसलो आहे.

कचेरीतले साहेब वयाने लहान, पण सभ्य. बसायला सांगितले. अण्णा गेल्याबद्दल दोन शब्द बोलले, आधीची नोटीस चुकीची होती हे मान्य केले. कोपऱ्यात पकडलेली पोती ठेवली होती. माझी नजर सवयीने त्यांच्या तोंडाकडे गेली. रोज पोती बघणारा माणूस दुसरे काय बघणार. व्यापाऱ्याचे पोते सुतळीने शिवलेले असते, दोन्ही टोकांना कान काढलेले, उचलायला. या पोत्यांना कान नव्हते. लुगड्याच्या काठाच्या चिंध्या पिळून बारीक टाके घातले होते, इरकली काठ, पिवळा आणि तांबडा. व्यापाऱ्याचा माल नाही हे दिसतच होते. केराबाईने शिवली असतील, असे मनात आले.

साहेबांनी विचारले, घरात कुणाला या मालाची कल्पना होती का? मी नाही म्हणालो. शपथेवर म्हणालो, आणि खरे म्हणालो. घर त्या वेळी दुःखात होते, हेही सांगितले. एवढ्यावर थांबायला हवे होते. मी कधी चारचौघांत बोलत नाही. आज सगळे ऐकत आहेत, साहेब लिहून घेत आहेत, असे पाहून मला जोर आला. कुणी विचारले नसताना म्हणालो, "भाऊ जायच्या आधीपासूनच हा माणूस असे करत असावा. त्याने आमच्या भोळेपणाचा फायदा घेतला."

येडू दाराशी उभा होता. पायातल्या वहाणा काढून हातात धरल्या होत्या. त्याला कुणी काही विचारले नाही. साहेबांनी नाही, वकिलांनी नाही.

दंड भरून गाडी परत देण्याचा हुकूम झाला. ड्रायव्हरवर वेगळा खटला, तो कोर्टात चालेल.

बाहेर व्हरांड्यात येडू जवळ आला. "झ्याक बोललासा, धाकटं मालक. सुटली गाडी." त्याच्या बोलण्यात टोमणा शोधला, सापडला नाही. मी वकिलांकडे वळलो.

घरी आल्यावर वैनींना सगळे सांगितले. शेवटचे वाक्यही सांगितले, जरा फुशारकीनेच. त्या उठून आत गेल्या आणि चुलीशी बसल्या. चूल विझलेली होती.

२७ एप्रिल

आज गाडी घरी आली. नवा ड्रायव्हर घेऊन आला. पुतणीने नारळ फोडला. आळीतले लोक आले, चहावाल्यानेही चहा पाठवला, पैसे नको म्हणाला. मला वाटले, झाले, आता मान वर करून चालता येईल.

सीट तेलाने माखली होती. पुसायला जुने पोते हवे होते. वैनी घरात नव्हत्या, येडूच्या घरी गेल्या होत्या. मी माळ्यावर चढलो. घडी घालून ठेवलेली रिकामी पोती होती, ती खाली टाकली. उलगडताना उसवलेल्या तोंडाला अजून चिंधी लटकत होती.

पिवळा आणि तांबडा इरकली काठ. पिळलेला. बारीक टाके.

आराधनेच्या ज्वारीची पोती.

मी पोत्यावर बसून राहिलो. खालून पुतणी हाका मारत होती.

खरे लिहायचे तर मला ते टाके कचेरीतच ओळखू यायला हवे होते. काशम्मा असेच शिवतात. दर पंचमीला त्यांच्या घरून येणाऱ्या शेंगांच्या पोतडीला हेच टाके असतात, आणि ती उसवायचे काम लहानपणापासून माझ्या पुतण्या माझ्याकडे देतात. दुसऱ्याच्या पोत्याचे तोंड बघून मी मुक्काम सांगू शकतो. आणि तिथे बसून मी केराबाईचे नाव मनात आणले.

२८ एप्रिल

वैनींना विचारले. ज्वारीचे पीठ चाळत होत्या, थांबल्या नाहीत.

मासिकाच्या पंगतीसाठी त्यांनीच येडूला सांगितले होते, येताना आईकडून ज्वारी आण. आराधनेच्या वेळी तशीच आणली होती. अण्णा असतानाही तसेच यायचे. आईच्या घरची ज्वारी लेकीच्या घरी येते, यात चोरी काय, असे कुणाच्या मनातही आले नव्हते. मध्ये सरकारची हद्द आहे, हे पोत्याला काय ठाऊक, असे अण्णा म्हणायचे म्हणे. मला कधी म्हणाले नाहीत.

गाडी धरल्याचे सांगायला येडू आला त्याच्या दुसऱ्या दिवशी, मी कामावर गेल्यावर, तो पुन्हा आला आणि वैनींना बजावून गेला. घरचा माल म्हणालात तर गाडी जाईल, दोन पोरी हायत. मी सांगंन भाड्याचा. वकिलांनीही त्या दिवशी सगळे ओळखले.

"मग मला का नाही सांगितले?"

"तुमाला सांगितलं असतं तर तुमच्या तोंडावर दिसलं असतं, भाऊजी. तुमाला खोटं जमत न्हाय. म्हणून तर तुमाला हुबं केलं."

थोड्या वेळाने म्हणाल्या, "पर त्याला चोर म्हणा, असं कुणी सांगितलं न्हवतं."

३ मे

वकिलांकडे गेलो. जबाब बदलता येईल का, असे विचारले. ते म्हणाले, येईल की. मग तुमची गाडी पुन्हा जाईल आणि तुमच्या वैनींवर खटला होईल. येडू मात्र त्यातूनही सुटणार नाही, कारण आणणारा तोच. "गप्प बसायला तुम्हाला शिकवायला नको," असे म्हणून दुसऱ्या पक्षकाराकडे वळले.

गप्प बसलो. मला येते ते एवढेच.

९ मे, रविवार

विजापूर नाक्यापलीकडे येडूच्या घरी गेलो. बोलायचे काय ते वाटेत जुळवले होते. केराबाईने घोंगडे टाकले. येडू शेळीच्या पायाला पट्टी बांधत होता. माझे तोंड उघडते न उघडते तोच म्हणाला, "गाडीचा मागला ब्रेक डावीकडं वडतो. नव्या पोराला सांगा." मी सांगतो म्हणालो. ताक प्यालो. निघालो.

ब्रेकचे तेवढे नव्या ड्रायव्हरला सांगितले.

१४ मे, शुक्रवार

येडूची तारीख. मी आणि वैनी गेलो. मी म्हणालो होतो, तुम्ही कशाला. त्या आधीच पदर घेऊन तयार होत्या.

मॅजिस्ट्रेटनी आरोप वाचून दाखवला आणि गुन्हा कबूल आहे का विचारले. येडू "व्हय" म्हणाला. त्यांनी मग विचारले, माल कुणाचा होता? तो म्हणाला, वाटेतल्या माणसाचा, नाव ठाऊक नाही. तुझ्या बाजूने कुणाला काही सांगायचे आहे का, असे त्यांनी सहजच विचारले. तसे विचारायची रीत असावी. ते पुढच्या कागदाकडे वळलेही होते.

आता उठायचे, असे मनाशी म्हटले. रुमाल हातात घट्ट धरला.

शेजारी हालचाल झाली. वैनी उभ्या होत्या.

"पोती माझी हायत, साहेब. माझ्या आईनं शिवलेली हायत. त्यानं माझ्या सांगण्यावरनं आणली."

येडू मोठ्याने म्हणाला, "न्हाय साहेब, बाईचं डोकं ठिकाणावर न्हाय, मालक वारल्यापासनं." सगळे कोर्ट हसले. वैनी हसल्या नाहीत. माळ्यावरची चिंधी त्यांनी पदराच्या गाठीत आणली होती, ती सोडून टेबलावर ठेवली. पकडलेली पोती मागवा आणि ताडून बघा, म्हणाल्या.

मॅजिस्ट्रेटनी लेखणी खाली ठेवली. येडूला पहिल्यांदाच नीट विचारले, सावकाश, आणि तो आधी रडला, मग खरे बोलला. कबुली रद्द करून त्याला जामिनावर सोडले. पुढची तारीख मिळाली.

हे सगळे होईपर्यंत मी बसूनच होतो. वैनी परत आल्या तेव्हा केराबाईने सरकून त्यांना आपल्या बाकावर जागा दिली. माझ्या शेजारची जागा मोकळी राहिली.

१ जून

पोस्टमन आला. रजिस्टर पाकीट, कचेरीचे. मला बघून हसला. "साहेब, आज काय लिहिणार?"

मी पाकिटाला हात लावला नाही. वैनींना हाक मारली. त्या पिठाचे हात पुसत आल्या. पाकिटावर लिहिले होते, श्रीमती शिवबाई, कै. संगप्पा यांच्या पत्नी. त्यांनी माझ्याकडून दोनदा वाचून घेतले, बोट ठेवून. मग सही केली. कानडीत केली, मोठी.

आतला कागद मी वाचून दाखवला. गाडी सोडण्याचा आधीचा हुकूम का रद्द करू नये, याची कारणे लेखी द्यावीत, आणि समक्ष म्हणणे मांडायचे असल्यास अमुक दिवशी हजर राहावे.

"या खेपेला नाव बराबर घातलंय की," वैनी म्हणाल्या.

मी म्हणालो, गाडी जाईल. त्या म्हणाल्या, जाईल की राहील ते त्यांनी सांगावे, आपण आपले सांगू. येडूलाही न्यायचे, त्याचेही म्हणणे लिहून घ्यायला लावायचे, हे त्यांनी ठरवून टाकले होते.

मी म्हणालो, "मीही येतो."

त्यांनी माझ्याकडे पाहिले. अण्णा गेल्यापासून त्यांना हसताना मी पाहिले नव्हते. "आता तुमाला सगळं ठावं हाय, भाऊजी. आता तुमी तितं काय कामाचं?"

पोस्टमन अजून दारात होता. त्यानेही ऐकले. माझे कान तापले.

तरी येतो, असे मी म्हणालो. पोस्टमनला ऐकू जाईल इतक्या मोठ्याने म्हणालो.